काळाचे पाटकरी
टेरी प्रॅचेटच्या कादंबऱ्यांतला इतिहास-भिक्षूंचा मठ कसा चालतो, आणि त्यातले खऱ्या जगात काय सापडते

दिवसाचे तास सर्वांना चोवीसच मिळतात. तरीही सकाळी आठ वाजता डोंबिवलीच्या फलाटावर उभ्या असलेल्या नोकरदाराला वेळ पुरत नाही, आणि त्याच क्षणी कोकणातल्या घरी ओटीवर बसलेल्या त्याच्या वडिलांचा वेळ जाता जात नाही. दोघांच्या मनगटावरची घड्याळे सारखीच चालतात. मग एकाकडे वेळेची टंचाई आणि दुसऱ्याकडे वेळ शिल्लक, असे का वाटते?

इंग्रज कादंबरीकार टेरी प्रॅचेट (१९४८–२०१५) यांनी या कोड्याला एक अद्भुत उत्तर दिले. त्यांच्या काल्पनिक जगात काळ हा वाहता पदार्थ आहे. तो एका ठिकाणी कमी लागतो, दुसरीकडे जास्त. जिथे पडून आहे तिथून तो उपसून, जिथे हवा तिथे पोचवण्यासाठी एक संस्थाच आहे: इतिहास-भिक्षूंचा मठ. हे काम जोखमीचे, कारण हा पदार्थ आवरला नाही तर सगळे जग बिघडते.

हा मठ कधीच नव्हता. पण त्याची यंत्रणा इतकी काटेकोर रचलेली आहे की ती समजून घेताना खऱ्या काळाबद्दलच्या आपल्या कल्पनाही तपासून पाहता येतात.

कासवावरचे जग

प्रॅचेट यांच्या जगाचे नाव डिस्कवर्ल्ड. ते थाळीसारखे सपाट आहे. ते चार हत्तींच्या पाठीवर टेकलेले असून हत्ती एका अजस्र कासवाच्या पाठीवर उभे आहेत. कूर्म आणि दिग्गज लहानपणापासून ऐकत आलेल्या मराठी वाचकाला हे चित्र परके वाटणार नाही. १९८३ ते २०१५ या काळात या मालिकेच्या ४१ कादंबऱ्या प्रसिद्ध झाल्या.

इतिहास-भिक्षू मुख्यतः तीन कादंबऱ्यांत भेटतात. ‘स्मॉल गॉड्स’ (१९९२) मध्ये त्यांची ओळख होते, ‘थीफ ऑफ टाइम’ (२००१) ही पूर्णपणे त्यांची कथा आहे, आणि ‘नाइट वॉच’ (२००२) मध्ये ते एका पोलीस अधिकाऱ्याच्या मदतीला येतात.

त्यांचा ओई डाँग मठ उंच पर्वतांतल्या एका खोऱ्यात आहे. भिक्षू भगवी वस्त्रे घालतात. मठाधिपती एका जन्मातून दुसऱ्या जन्मात जात राहतो आणि ‘थीफ ऑफ टाइम’मध्ये तो तान्हे मूल आहे. तिबेटच्या परंपरेची छाया इथे उघड दिसते. पण कथेचा कणा असलेला माणूस पदाने भिक्षूही नाही. लू-त्झे हा मठातला झाडूवाला आहे. झाडणाऱ्याकडे कोणी बघत नाही, म्हणून त्याला सगळीकडे जाता येते आणि सगळे दिसते. गाडगे महाराजांचा खराटा पाहिलेल्या महाराष्ट्राला झाडू हातात घेतलेल्या माणसाचे मोठेपण वेगळे समजावून सांगायला नको.

मठातले फिरते दगड

मठाच्या पोटात एक प्रचंड दालन आहे. तिथे दगडाचे हजारो दंडगोल ओळीने मांडलेले असून ते आपापल्या आसाभोवती फिरत असतात. प्रॅचेट त्यांना ‘प्रोक्रॅस्टिनेटर’ म्हणतात. आपण फिरते दगड म्हणू. लहान दगड भिरभिरतात, मोठे इतके सावकाश फिरतात की ते हलतात यावर विश्वास बसत नाही. लहान दगडांवर थोडा काळ चढतो, मोठ्यांवर पुष्कळ.

दगडाचे काम दोनच प्रकारचे. एका दिशेने फिरताना तो काळ गुंडाळून घेतो, म्हणजे कुठूनतरी काळ उपसला जातो. उलट फिरताना तो उलगडतो, म्हणजे कुठेतरी काळ सोडला जातो. उपसायचा कुठून? जिथे तो फुकट जातो तिथून. प्रॅचेट यांचे उदाहरण समुद्रातले आहे: पाण्याखालच्या माशाला एवढ्या वेळेचे करायचे काय? सोडायचा कुठे? शहरात, कारण तिथे तो कधीच पुरत नाही.

शेजारीच आणखी एक दालन आहे. तिथे रंगीत वाळूचे भव्य मंडल आहे आणि त्यातल्या आकृत्या सतत बदलत असतात. त्या वाचू शकणाऱ्याला जगातल्या घडामोडींचा अंदाज येतो. एका दालनात काळाची स्थिती कळते, दुसऱ्यात त्याची वाटणी होते.

पाटकऱ्याचे गणित

ही व्यवस्था समजायला आपल्याकडचा पाटकरी पुरेसा आहे. धरणातून सुटलेले पाणी मुख्य कालव्यातून चारीत आणि चारीतून शेतात जाते. कोणाच्या शेताला कोणत्या दिवशी, किती तास पाणी द्यायचे, ती पाळी पाटकरी सांभाळतो. धुळे-नाशिक भागात पांझरा, मोसम अशा नद्यांवर चालत आलेली फड पद्धत हे याचे जुने आणि शहाणपणाचे रूप आहे.

पाटकरी पाणी निर्माण करत नाही. तो ते फक्त फिरवतो. त्याच्या कामाचे तीन नियम आहेत आणि भिक्षूंच्या कामालाही तेच लागू पडतात.

पहिला नियम: एकूण साठा ठरलेला. एका शेताला जास्त दिले तर दुसऱ्याचे तेवढे कमी होते. भिक्षूही काळ नव्याने बनवू शकत नाहीत. शहराला दिलेला प्रत्येक तास कुठून तरी आलेला असतो.

दुसरा नियम: जमाखर्च त्या-त्या वेळी जुळला पाहिजे. चारीचे दार उघडले की वरचे दार त्या बेताने वळवावे लागते. फिरत्या दगडांचेही तसेच. काही दगड काळ गुंडाळत असताना तेवढाच काळ दुसरे उलगडत असले पाहिजेत. दालनातल्या एका मोठ्या फळ्यावर रंगीत पाट्या फिरत राहतात. कोणता दगड काय करतो आहे, हे भिक्षूंना तिथे दिसते.

तिसरा नियम: जास्तीचे सोडायला जागा हवी. कालव्याला सांडवा नसेल तर पाणी भराव फोडते. भिक्षूंचा सांडवा म्हणजे खोल समुद्र. ताण हाताबाहेर गेला की काळ तिथे सोडून द्यायचा, कारण तिथे त्याने होणारे नुकसान सर्वांत कमी.

हे तीन नियम पाळले जातात म्हणून कथेतली जादू विश्वसनीय वाटते. कोणतीही शक्ती फुकट मिळत नाही, हे वाचकाला पानोपानी जाणवत राहते.

एक दगड बिघडला तर

अशा व्यवस्थेत सर्वांत मोठा धोका साखळीचा असतो. एक दगड थांबला की त्याचा भार शेजारच्या दगडांवर जातो. त्यांतला एखादा तो भार पेलू शकला नाही, तर दोघांचा भार तिसऱ्यावर येतो. थोड्याच वेळात सगळे दालन अनावर होते आणि दगडांवर गुंडाळलेला काळ मोकाट सुटू लागतो.

‘थीफ ऑफ टाइम’मध्ये असा प्रसंग आहे. अनुभवी भिक्षू गोंधळून जातात. तेव्हा लॉबसांग लड हा नवखा मुलगा फळ्यासमोर उभा राहतो आणि कोणता दगड कोणत्या दगडाशी जोडायचा हे एकामागून एक सांगत जातो. त्याला आकडे मोजावे लागत नाहीत. सगळ्या प्रवाहांची आकृती त्याला एकदम दिसते. लू-त्झेला कळते की हा मुलगा सामान्य नाही.

प्रॅचेट तांत्रिक कामाचे एक मर्म इथे नेमके पकडतात. मोठ्या यंत्रणेचे नियम पुस्तकात लिहिता येतात, पण संकटाच्या क्षणी ती वाचते कोणाच्या तरी सगळे एकदम पाहणाऱ्या नजरेने.

काचेचे घड्याळ

मठाचा संस्थापक वेन. त्याची शिकवण अशी की विश्व प्रत्येक क्षणी नष्ट होते आणि पुढच्या क्षणी नव्याने जन्मते. भूतकाळ उरतो तो केवळ आठवणीत. बौद्ध तत्त्वज्ञानातला क्षणभंगवाद ज्यांना ठाऊक आहे त्यांना ही कल्पना जवळची वाटेल. प्रत्येक गोष्ट क्षणिक असून सातत्य हा आपल्याला होणारा भास आहे, असे हे तत्त्वज्ञान सांगते.

विश्व क्षणाक्षणाने चालत असेल तर एक सर्वांत लहान क्षण असला पाहिजे, ज्याचे आणखी तुकडे पडत नाहीत. कथेतले काचेचे घड्याळ नेमका हाच क्षण मोजण्यासाठी बनवले जाते. ते विश्वाच्या तालाशी तंतोतंत जुळले की काळ त्यात अडकतो आणि जग थांबते.

ते बनवून घेणाऱ्यांना जग थांबायलाच हवे असते. ‘ऑडिटर’ हे विश्वाचे हिशेबनीस आहेत. सजीव पसारा करतात, नियम मोडतात, हिशेब चुकवतात, म्हणून जीवसृष्टीच त्यांना नकोशी झाली आहे. काळ थांबला तर काही बदलणार नाही आणि वही कायमची जुळेल, असे त्यांचे गणित. काळाची राखण जीवनासाठी करणारे भिक्षू एका बाजूला आणि नीटनेटकेपणासाठी जीवन संपवायला निघालेले हिशेबनीस दुसऱ्या बाजूला, असा हा संघर्ष आहे.

खऱ्या भौतिकशास्त्रात सर्वांत लहान क्षणाच्या सर्वांत जवळ जाणारी कल्पना म्हणजे प्लँक काल. दशांशचिन्हानंतर ४३ शून्ये आणि मग ५, एवढा सेकंदाचा भाग. शास्त्रज्ञांनी प्रत्यक्ष मोजलेला सर्वांत लहान कालावधी सेकंदाच्या अब्जाव्या भागाच्या अब्जाव्या भागाहूनही लहान आहे, तरी प्लँक काल त्याच्यापेक्षा कितीतरी लहान. त्यापाशी पोचल्यावर आजचे सिद्धांत अपुरे पडतात. काळ दाणेदार आहे याचा पुरावा मात्र अजून मिळालेला नाही.

फाटलेल्या इतिहासाला ठिगळे

कथेप्रमाणे असे घड्याळ पूर्वी एकदा बनले होते. ते क्षणभर चालले आणि तुटले. त्या धक्क्याने इतिहासाचे तुकडे झाले आणि भिक्षूंनी ते हाताला लागतील तसे जोडले. म्हणून आंख-मॉरपॉर्क या एकाच शहरात सोळाव्या शतकातले वाटावे असे उघड्या आभाळाखालचे नाटकघर आहे आणि एकोणिसाव्या शतकातले वाटावे असे ऑपेरागृहही.

दीर्घ मालिका लिहिणाऱ्या लेखकाच्या हातून काळाची अशी विसंगती होतेच. प्रॅचेट यांनी ती लपवली नाही, कथेत सामावून घेतली. त्या जगातल्या माणसांना ही ठिगळे दिसत नाहीत, कारण आपला भूतकाळ प्रत्येकाला अखंडच वाटतो.

नुसते पाहावे की हात घालावा?

मठात इतिहासाचे सुमारे वीस हजार ग्रंथ आहेत. प्रत्येक दहा फूट उंच, शिशाने मढवलेला, आणि अक्षरे भिंगातून वाचावी लागतील एवढी बारीक. ग्रंथात लिहिले आहे तसेच घडते की नाही हे पाहणे, हे भिक्षूंचे मूळ कर्तव्य.

‘स्मॉल गॉड्स’मध्ये लू-त्झे ओम्निया या धर्मांध राज्यात जातो. ग्रंथाप्रमाणे ब्रूथा नावाच्या साध्या, सज्जन तरुणाचा मृत्यू व्हायचा असतो आणि पुढे शतकभर युद्धे पेटायची असतात. लू-त्झे गुपचूप एक छोटासा बदल करतो. ब्रूथा जगतो आणि युद्धे टळतात.

‘नाइट वॉच’मध्ये नेमका उलटा पेच आहे. पोलीस प्रमुख सॅम व्हाइम्स एका वादळात सापडून तीस वर्षे मागे फेकला जातो. त्याच्यासोबत मागे गेलेला गुन्हेगार जॉन कीलला ठार करतो. कील हा तरुण व्हाइम्सला घडवणारा अधिकारी. आता व्हाइम्सनेच कीलची जागा घेतली नाही, तर त्याचे स्वतःचे भविष्य पुसले जाईल. भिक्षू त्याला हे समजावतात, पण निर्णय त्याचाच असतो.

धोकादायक शक्ती हाताळणाऱ्या प्रत्येक संस्थेपुढे हा प्रश्न येतो. नियम पाळणे हे कर्तव्य आहे, पण समोर माणूस मरत असताना नियमाकडे बोट दाखवणे म्हणजे ऑडिटर होणे. प्रॅचेट यांचा कौल स्पष्ट आहे. यंत्रणा माणसांसाठी आहे, आणि ती सांभाळणाऱ्याजवळ करुणा नसेल तर त्याचे कौशल्यही घातक ठरते.

भौतिकशास्त्राला यातले काय मान्य?

काळ सर्वत्र एकाच गतीने चालत नाही, हे खरे आहे. आइनस्टाइन यांच्या सापेक्षता सिद्धांतानुसार वेगाने जाणारे घड्याळ मंदावते, आणि गुरुत्वाकर्षण जिथे तीव्र तिथलेही घड्याळ मंदावते. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग यांनी प्रवासी विमानांतून आण्विक घड्याळे पृथ्वीभोवती फिरवून आणली आणि जमिनीवरच्या घड्याळांशी ताडून पाहिली. फरक आढळला, आणि तो सिद्धांताला धरून होता. २०१० मध्ये अमेरिकेत केवळ एक फूट उंचीच्या फरकाने घड्याळाच्या गतीत पडणारा फरकही मोजला गेला.

हा हिशेब आपल्या मुलखाला लावून पाहू. कळसूबाईची उंची १,६४६ मीटर. शिखरावर आणि गिरगाव चौपाटीवर एकेक अचूक घड्याळ ठेवले, तर शिखरावरचे घड्याळ वर्षाला सुमारे साडेपाच मायक्रोसेकंद पुढे जाईल. एक मायक्रोसेकंद म्हणजे सेकंदाचा दहा लाखावा भाग. आयुष्यात हा फरक जाणवणार नाही, पण तो खरा आहे.

उपग्रहांच्या बाबतीत मात्र तो दुर्लक्षून चालत नाही. जीपीएस उपग्रहांवर गुरुत्वाकर्षण कमी असल्याने तिथली घड्याळे दिवसाला सुमारे ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात, आणि वेगामुळे सुमारे ७ मायक्रोसेकंद मागे पडतात. निव्वळ फरक ३८ मायक्रोसेकंदांचा. तेवढ्या वेळात प्रकाश अकरा किलोमीटरहून अधिक अंतर कापतो. ही दुरुस्ती केली नाही, तर मोबाइलवरच्या नकाशातली चूक दर दिवसाला किलोमीटरांच्या हिशेबाने वाढत जाईल.

काळाची गती बदलते ही कल्पना आपल्या पुराणांनाही अपरिचित नाही. राजा ककुद्मी मुलीसाठी, रेवतीसाठी, वर सुचवा असे विचारायला ब्रह्मलोकी जातो. तिथे चाललेले गायन संपेपर्यंत थांबतो आणि तेवढ्यात पृथ्वीवर युगे उलटून जातात.

तरी फिरते दगड आणि सापेक्षता यांत एक मूलभूत फरक आहे. कळसूबाईवर जास्त काळ गेला म्हणून चौपाटीचा काळ कोणी काढून घेतलेला नसतो. दोन्हीकडचा प्रत्येक सेकंद त्या जागी पूर्ण सेकंदच असतो. काळाचा साठा नसतो, म्हणून पाळीही नसते. माशाचा वेळ माणसाला देता येत नाही.

मग वेळ पुरत नाही म्हणजे काय होते?

मनाला जाणवणारा काळ दोन रीतींनी मोजला जातो. पहिली रीत चालू क्षणाची. लक्ष वेळेवरच असेल तर वेळ लांबतो; काही काम नसलेल्या माणसाचे लक्ष घड्याळाकडे जाते आणि दुपार संपत नाही. लक्ष कामात गुंतले की तास कसे गेले ते कळत नाही.

दुसरी रीत आठवणीची. मागे वळून पाहताना आपण आठवणी किती साठल्या यावरून काळाची लांबी ठरवतो. नव्या गावातले चार दिवस आठवताना मोठे वाटतात. रोज तोच प्रवास आणि तेच काम असेल, तर दिवस एकमेकांत मिसळतात आणि वर्ष भुर्रकन गेले असे वाटते. शहरातल्या माणसाची कुचंबणा अशी की त्याचा दिवस कामांनी भरलेला असतो, म्हणून तो पुरत नाही. आणि ती कामे रोजची तीच असतात, म्हणून त्या दिवसाची आठवणही फारशी उरत नाही.

खरा मठ पॅरिसजवळ

काळ साठवता येत नसला, तरी जगाचा काळ एक राखावा लागतो, आणि त्यासाठी खरीखुरी संस्था आहे. पॅरिसजवळच्या सेव्र गावातले आंतरराष्ट्रीय वजन-मापे कार्यालय जगभरच्या प्रयोगशाळांतील चारशेहून अधिक आण्विक घड्याळांच्या नोंदी एकत्र करते. कोणते घड्याळ किती भरवशाचे हे पाहून त्याला वजन दिले जाते आणि सर्वांची सरासरी काढली जाते. भारताची प्रमाणवेळ दिल्लीतली राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळा राखते, आणि तिची घड्याळेही या हिशेबात असतात.

सेकंदाची व्याख्या १९६७ पासून सीझियम अणूवर आधारलेली आहे. त्यातून निघणाऱ्या एका ठरावीक विकिरणाची ९,१९,२६,३१,७७० आवर्तने म्हणजे एक सेकंद. या घड्याळांची सरासरी गणित करूनच काढावी लागते, त्यामुळे कोणत्या प्रयोगशाळेची वेळ किती पुढे-मागे होती, याचे पत्रक दर महिन्याला मागाहून निघते. जगाची अधिकृत वेळ दाखवणारे एकच एक यंत्र कोठेही नाही. ती सगळ्यांच्या नोंदींतून तयार होते.

शिवाय पृथ्वी या घड्याळांइतकी नियमित फिरत नाही. चंद्रामुळे येणाऱ्या भरती-ओहोटीने तिचे फिरणे दीर्घकाळात मंदावत जाते आणि अधूनमधून ते किंचित वेगही घेते. घड्याळ आणि पृथ्वी यांचा मेळ राहावा म्हणून १९७२ ते २०१६ या काळात २७ वेळा एकेक जादा सेकंद मिळवावा लागला. शेवटचा सेकंद भारतात १ जानेवारी २०१७ च्या पहाटे साडेपाचच्या आधी आला. त्या दिवशी ५ वाजून २९ मिनिटांच्या मिनिटात ६१ सेकंद होते.

संगणकांना ६१ सेकंदांचे मिनिट पचत नाही आणि मोठ्या यंत्रणा अडखळतात. म्हणून गूगलने एक युक्ती काढली. तो जादा सेकंद एकदम न घालता चोवीस तासांत पसरवायचा, प्रत्येक सेकंद अगदी किंचित लांबवायचा. काळाचा भार एका जागी पडू न देता वाटून टाकण्याचे, कथेतल्या भिक्षूंचे काम इथे अभियंते खरोखर करतात. २०२२ मध्ये वजन-मापे कार्यालयाच्या सदस्य देशांनी ठरवले की २०३५ पर्यंत ही जादा सेकंदांची पद्धत बदलायची आणि घड्याळ व पृथ्वी यांच्यात आजच्यापेक्षा मोठा फरक चालू द्यायचा.

मुंबईची एकोणचाळीस मिनिटे

एक वेळ सर्वांनी मान्य करणे ही सहज घडणारी गोष्ट नाही, याचा पुरावा मुंबईच देते. एकोणिसाव्या शतकात मुंबईची स्वतःची स्थानिक वेळ होती, तर रेल्वे मद्रासच्या वेळेवर चालत असे. १९०६ मध्ये भारतीय प्रमाणवेळ सुरू झाली. ती ८२.५ अंश पूर्व रेखांशावर बेतलेली, आणि मुंबई त्या रेखांशाच्या बरीच पश्चिमेला. शहराने आपली वेळ सोडली नाही. प्रमाणवेळेपेक्षा ३९ मिनिटे मागे चालणारी ‘मुंबई वेळ’ १९५५ पर्यंत टिकून राहिली.

सूर्य डोक्यावर येण्याची वेळ आणि कागदावरची वेळ यांतला तो झगडा होता. शेवटी सोय जिंकली, कारण गाड्या, टपाल, बँका आणि कचेऱ्या यांना एकच घड्याळ लागते. त्याआधी शतकानुशतके आपल्याकडे घटिकापात्राने वेळ मोजली जात असे. तळाला बारीक छिद्र असलेले पात्र पाण्यात भरून बुडेपर्यंत एक घटिका, म्हणजे २४ मिनिटे. त्या पात्राजवळही कोणीतरी जागत बसत असे.

चौकट : थोडक्यात

• इतिहास-भिक्षूंच्या मठात काळ हा पदार्थ मानला आहे. फिरते दगड तो एका जागी गुंडाळतात आणि दुसऱ्या जागी उलगडतात.
• तीन नियम: एकूण काळ ठरलेला, जमाखर्च सतत जुळता, आणि जादा काळ सोडायला समुद्राचा सांडवा.
• मुख्य धोका साखळीचा: एका दगडाचा भार दुसऱ्यावर जाऊन सगळी यंत्रणा कोसळणे.
• खऱ्या जगात काळाची गती उंची व वेगाप्रमाणे बदलते, पण काळ साठवता किंवा हलवता येत नाही.
• जगाची समान वेळ चारशेहून अधिक घड्याळांच्या सरासरीतून, रोजच्या देखभालीने तयार होते.

कथेचे ऋण

काळाला पदार्थ मानणे हे विज्ञान म्हणून चूक आहे. पण त्या कल्पनेमुळे एक खरी गोष्ट डोळ्यांपुढे येते: ज्या व्यवस्था आपल्याला आपोआप चालतात असे वाटते, त्या कोणाच्या तरी जागेपणावर चालतात. ते लोक नावाने कोणाला ठाऊक नसतात, आणि त्यांचे काम नीट झाले की ते दिसतही नाही. प्रॅचेट यांनी आपल्या मठाचा नायक झाडूवाला केला, तो याच जाणिवेतून, असे मला वाटते.

या मठात शिरायचे असेल तर ‘थीफ ऑफ टाइम’पासून सुरुवात करावी. मालिकेतली ती २६ वी कादंबरी असली, तरी आधीच्या पंचवीस वाचल्या नसतील तर काही अडत नाही. त्यानंतर ‘नाइट वॉच’ जरूर वाचा; कर्तव्य आणि करुणा यांच्या ओढाताणीत सापडलेल्या माणसाची इतकी चांगली कथा क्वचित वाचायला मिळते. घरात दहावी-अकरावीत शिकणारे कोणी असेल, तर पुस्तकांसोबत जीपीएसच्या ३८ मायक्रोसेकंदांचा हिशेबही त्यांना करायला द्या. कल्पनेची आणि विज्ञानाची गोडी एकत्र लागायला यापेक्षा चांगले निमित्त नाही.